वजनाला वजन

१

बार्शीटाकळीत एसटी स्टँडच्या मागे अन्सारचं गादीचं दुकान होतं. दुकान कसलं, पुढे पिंजण्याचं मशीन, मागे राहायच्या दोन खोल्या आणि वर गच्ची. बापजाद्यांपासून धंदा पिंजाऱ्याचा. लोक जुनी गादी आणून टाकत, अन्सार खोळ उसवून कापूस काढी, पिंजे, पुन्हा भरे आणि टाके घाली. सकाळी नऊला मशीन सुरू, वीज गेली की चहा, वीज आली की पुन्हा मशीन. बावीस वर्षांत यात काही बदललं नव्हतं आणि अन्सारला ते बदलायला नकोच होतं.

त्याचे नियम दोन. पहिला, वजनाला वजन. कापूस घेताना तोलायचा, देताना तोलायचा आणि पिंजताना जो थोडाफार उडून जातो तो आपल्या पोत्यातून भरून द्यायचा. खोळीच्या आतल्या बाजूला शाईने झोपणाऱ्याचं नाव आणि किलो लिहायचे, म्हणजे दहा वर्षांनी गादी परत आली तरी भांडण नको. दुसरा, एका घरचा कापूस दुसऱ्या घरात जाऊ द्यायचा नाही. एक गादी झाली की मशीन झाडायचं, मगच पुढची. त्याची बायको खुर्शीदबी यावरून त्याची फिरकी घ्यायची. "लोकाईच्या कापसाची एवढी फिकर," ती म्हणायची, "मले मातर एक दुपट्टा आनाले याइले टाइम नाई."

शेतकऱ्यांसाठीच्या सरकारी पॅकेजचं वर्ष होतं ते. साहेबांच्या जिपा गावोगाव फिरून घरं आणि माणसं मोजत होत्या. कपाशी शेतातच लाल पडली होती, जो कापूस हाती आला त्याचा धागा बोटात धरला की तुटत होता. अशात डिसेंबरातल्या एका दुपारी जवळच्या खेड्यातले महादेवराव मोटारसायकलवर गादी बांधून आले. गाडी चालवत होता त्यांचा एकुलता मुलगा श्याम. पंचविशीचा, शांत पोरगा. गादी त्याचीच होती.

अन्सारने खोळ उसवली. आत त्याच्याच अक्षरात लिहिलं होतं, 'श्याम, ९ किलो'. कापूस काट्यावर टाकला तर भरला सहा.

"तीन किलो कुठी गेला जी?" अन्सार म्हणाला.

"उंदरानं नेला असंल."

"उंदरानं खोळ कुरतडली असती. खोळ तर साबूत आहे."

"मंग हाच खाते का काय झोपीत!" महादेवराव मुलाकडे बघून हसले.

श्यामला झोप नीट लागते का, असं विचारायला अन्सारने तोंड उघडलं.

"लागते ना, चांगली लागते," श्याम म्हणाला.

अन्सारचं तोंड उघडंच राहिलं. त्याने अजून विचारलं नव्हतं. तेवढ्यात खुर्शीदबीने आतून चहा पाठवला. श्यामने रिकामा गिलास पायरीवर ठेवला, हाताने तोंड पुसलं, मग तोच गिलास उचलून त्यावर फुंकर घातली आणि घोट घेतला. गिलासात काठोकाठ चहा होता. वाफ निघत होती.

डोळ्यांवर ऊन आलंय, असं म्हणून अन्सारने आपली समजूत घातली.

२

बापलेक बाजारात गेले आणि अन्सारने मशीन सुरू केलं. छपराच्या पत्र्याला एक भोक होतं. दुपारी तिथून उन्हाची तिरीप मशीनवर पडायची आणि पिंजताना तिच्यात कापसाचे तंतू नुसते थयथय नाचायचे. आज तिरीप स्वच्छ होती. अन्सारने तिच्यात हात घालून पाहिला. काहीच नाही. मशीन धडधडत होतं, कापूस आत जात होता, बाहेर येत होता आणि हवेत एक तंतू नव्हता.

पिंजून झालेला कापूस त्याने तोलला. पाच किलो. म्हणजे किलोभर उडाला. पण उडाला तर गेला कुठे? जमीन चकचकीत, कोपरे चकचकीत. पाणी द्यायला आलेली खुर्शीदबी त्याच्याकडे पाहून म्हणाली, "आज काम नाई केलं का? भुवया काळ्याच्या काळ्या."

रोज या वेळेला त्याच्या भुवया पांढऱ्या झालेल्या असत.

खोळीवर नऊ लिहिलं होतं, तेव्हा नऊ द्यायलाच हवे होते. त्याचं पोतं रिकामं. घरात चांगला कापूस होता तो फक्त अलीझाच्या गादीचा. अलीझा त्याची एकुलती लेक. अमरावतीच्या तौहीदशी तिचं लग्न ठरलं होतं, जानेवारीत निकाह होता. अशा वर्षातही अन्सारने दिवाळीपासून हाताने निवडून निवडून दहा किलो कापूस तिच्यासाठी जमवला होता. त्यातले चार किलो त्याने श्यामच्या गादीत भरले. महादेवराव बाजारातून परतले तेव्हा त्यांना सगळं सांगितलं. ते भले माणूस. म्हणाले, "घरी येचून ठेवेल आहे चांगला कापूस. पंधरा दिसांनी येजो अन् चार किलो घेऊन जाजो."

अलीझाचे राहिलेले सहा किलो त्याच दुपारी पिंजायला घेतले. मशीन झाडायला त्याने केरसुणी उचलली आणि पुन्हा ठेवून दिली. झाडायला होतं काय? आयुष्यात पहिल्यांदा त्याने मशीन न झाडता एका घरच्या कापसावर दुसऱ्या घरचा घातला. दुसरं घर त्याचं स्वतःचं होतं.

फुलाफुलांच्या खोळीत आतून त्याने झोकात लिहिलं, 'अलीझा, १० किलो'. चार नंतर भरायचेच होते. त्यांच्या घराण्यात लेकीची गादी सासरी कोरी जात नसे. लेकीने महिनाभर त्या गादीवर झोपायचं, म्हणजे परक्या घरातही झोप आपली राहते. त्याच रात्रीपासून अलीझा त्या गादीवर झोपू लागली.

३

पंधरा दिवसांनी अन्सार महादेवरावांच्या गावी गेला. चावडीजवळ मोजणीवाला माणूस याद्या मांडून कपाळाला हात लावून बसला होता. मागच्या वर्षीच्या यादीत ज्या घरात चार नावं, तिथे आता तीनच माणसं, आणि मेलं म्हणावं तर कोणी मेलेलं नाही, असं तो चहावाल्याला सांगत होता. चहावाला हसत होता.

महादेवरावांच्या दारी लिंबाखाली मोटारसायकल उभी होती. तिच्यावर धुळीचा थर. त्यांच्या पत्नी गोदाबाईंनी खाट टाकली, पाणी दिलं, लेकीच्या लग्नाची चौकशी केली.

"श्याम कुठी आहे?" अन्सारने विचारलं. "गादी बरी लागून राहिली का त्याले?"

"कोन श्याम?" महादेवराव म्हणाले.

अन्सार हसला. महादेवराव हसले नाहीत.

"तुमचा पोरगा जी. तुमच्यासंगं आलता तो."

"अन्सारभाई," गोदाबाई हळूच म्हणाल्या, "आमाले लेकरू नाई ना. देवानं देलंच नाई. तुमाले तं मालूम आहे."

त्यांच्या आवाजात जुनं, बोथट झालेलं दुःख होतं. वांझपणाचं. आत्ताच कोणी गेल्याचं नव्हतं.

"मंग हे मोटारसायकल?"

"कोनं आनून ठेवली काय मालूम," महादेवराव म्हणाले. "मले तं चालवता बी येत नाई."

"मी गादी भरून देलती. कुठी आहे ते?"

"गादी नाई कोनती. थे एक रिकामी खोळ पडेल आहे."

खोळ उंबऱ्यापाशी पाय पुसायला टाकलेली होती. अन्सारने ती उलटी केली. 'श्याम, ९ किलो'. शाई अगदी ताजी वाटत होती. आत कापसाचा तंतूसुद्धा नव्हता आणि सगळे टाके जागच्या जागी होते.

"माहा कापूस," असं तो बोलणार होता. चार किलो न घेताच तो उठला, आणि एसटीत बसेपर्यंत त्याने मागे वळून पाहिलं नाही.

४

घरी आला तेव्हा अलीझा गच्चीवरून ओरडली, "आली, अब्बा, आली!"

"अलीझा, खाली ये," अन्सारने हाक मारली. आणि तसाच उभा राहिला. हाक त्याने नंतर मारली होती.

त्यानंतर त्याला दिसायला लागलं. खरं तर दिसत आधीही होतं, पण बापाला जे पाहायचं नसतं ते तो डोळे उघडे ठेवून टाळतो. चुलीपाशी अलीझा खळखळून हसायची आणि मग खुर्शीदबी गंमत सांगायची. तिचे पैंजण जिन्यावर वाजायचे, ती मात्र अजून अंगणात असायची. निकाहाला आठ दिवस होते. एका सकाळी तिच्या तळहातांवर मेहंदी दिसली. ओली नाही. रंग उतरलेली, नखांच्या कडेला थोडी उरलेली, महिनाभरापूर्वीची असते तशी.

"कोनं लावून देली?" खुर्शीदबीने विचारलं.

"लावाची आहे ना अम्मी अजून. जुम्म्याले," अलीझा म्हणाली. मग तिने स्वतःच्या हातांकडे पाहिलं आणि तिचा चेहरा पडला.

त्या दिवशी खुर्शीदबीने भात दोघांपुरताच टाकला. दुपारी लग्नाचे कपडे पेटीत रचता रचता ती थांबली. "अवो," तिने सहज विचारलं, "हे एवढे कपड्याचे जोडे कोनासाठी घेतले आपन?"

विचारलं आणि तिने तोंडावर हात दाबला. धाय मोकलून रडली. अन्सार तिला समजवायला पुढे झाला. आपल्या लेकीचं नाव घेऊन काहीतरी धीराचं बोलायचं होतं त्याला. नाव आठवेना. ओठांवर होतं, येईना. तो आत गेला, लेकीची गादी ओढली, एका कडेचे टाके तोडले आणि खोळीच्या आत वाचलं.

अलीझा. अलीझा. अलीझा.

सहा किलोपैकी आत दीड किलो राहिला होता.

५

आधी त्याने जिनिंग फॅक्टरीतून दोन किलो नवा कापूस आणून भरला. दुसऱ्या दिवशी तोलला तर तो पार गेलेला होता आणि जुन्यातलाही पाव किलो कमी. ज्यावर कधी कोणी झोपलंच नाही अशा कापसात माणसाला धरून ठेवायला काही नसावं. हे त्याला कोणी सांगितलं नाही. पिंजाऱ्याच्या बोटांना जेवढं कळतं तेवढंच कळलं.

गच्चीवर उन्हात दोन गाद्या टाकलेल्या होत्या, त्याची आणि खुर्शीदबीची. दोन्ही त्यानेच लग्नात भरलेल्या, आठ आठ किलोच्या, बावीस वर्षं निजून पिवळ्या पडलेल्या. त्याने खुर्शीदबीच्या गादीतून एक मूठ काढली. तिच्याच का? तर ती जिन्याच्या बाजूला होती. पहिल्या वेळी खरंच एवढंच होतं.

मूठ अलीझाच्या गादीत गेली. त्या दिवसभर हाक मारली की मग अलीझा ओ देत होती.

त्यानंतरच्या मुठी मात्र विचार करून काढलेल्या होत्या. मी गेलो तर घर कोण चालवणार, निकाह कोण उभा करणार, तौहीदच्या घरच्यांशी कोण बोलणार? विचार सरळ होता. अशा वेळी माणसाचा विचार फार सरळ चालतो आणि नेमका दुसऱ्याच्या अंथरुणापाशी जाऊन थांबतो. रोज दुपारी खुर्शीदबी नमाजाला बसली की अन्सार गच्चीवर जाई आणि दोन किलो खाली आणी. त्याला स्वतःची किळस येत होती. हात थांबत नव्हता.

"माही गादी हलकी लागून राहिली जी," तिसऱ्या दिवशी खुर्शीदबी म्हणाली. "खालून खाट टोचते."

"उनानं सुकली असंल," तो म्हणाला.

अलीझाच्या हातावरची मेहंदी नाहीशी झाली होती. कोरे, गुलाबी तळवे घेऊन ती घरभर गात फिरत होती. ते पाहून अन्सारला रडू आलं. सुखाचंच आलं.

चौथ्या दुपारी तो शेवटचे दोन किलो घ्यायला जिन्याकडे निघाला तेव्हा खुर्शीदबी स्वयंपाकघराच्या उंबऱ्यात उभी होती. तिच्या मागे मांडलेल्या घागरी त्याला दिसल्या. तिच्या बाजूने नाही, तिच्या आरपार. पदर होता तिथे मधली घागर होती, तिच्यावरचं झाकण, झाकणावरचा पेला.

"मले इचारलं असतं," ती शांतपणे म्हणाली, "तं मी सोताच काढून देला असता. माही बी लेकच आहे ना ते."

"काय इचारलं असतं?" अन्सारने घाबरून विचारलं.

तिने त्याच्याकडे असं पाहिलं, जणू हे बोलणं अजून व्हायचंच आहे आणि तिला ते आधीच ऐकून झालंय. तो काही क्षण तिथे उभा होता. त्या क्षणांत त्याला थांबता आलं असतं. मग तो गच्चीवर गेला.

६

अन्सारच्या घरात माणसं दोनच, बाप आणि लेक. मधे पोरगी आजारी होती, आता बरी होती. लेकीची आई कुठे, हे त्याला कोणी विचारलं नव्हतं आणि त्यालाही कधी सुचलं नव्हतं.

निकाहाला तीन दिवस राहिले असताना महादेवराव एसटीने संत्र्यांची पिशवी घेऊन आले. शिवाय कागदात गुंडाळलेलं एक लुगडं.

"गोदीनं देलं, पोरीच्या मायले. भाभी कुठी आहेत?"

"कोन भाभी?"

"खुर्शीदभाभी. अन् कोन?"

अन्सारला म्हाताऱ्याची दया आली. ज्याला पोटचा पोरगा आठवत नाही, त्याला दुसऱ्यांच्या घरात बायका दिसायला लागल्यात. त्याने काही वाद घातला नाही. लुगडं ठेवून घेतलं, अलीझाने चहा दिला, म्हातारा गोंधळून इकडेतिकडे बघत निघून गेला.

लुगडं फळीवर ठेवताना तिथली एक घडी केलेली रिकामी खोळ खाली पडली. अन्सारने उलटून पाहिली. 'खुर्शीदबी, ८ किलो'. अक्षर त्याचंच. म्हणजे या नावाचं गिऱ्हाईक होतं तर, म्हाताऱ्याने इथेच कुठे नाव ऐकलं असणार. पण कापूस कुठे? आठ किलो कापूस कोणाचा तरी आपल्याकडे आला आणि खोळ रिकामी? अन्सारचे कान तापले. बावीस वर्षांत असं झालं नव्हतं.

"अब्बा, माही गादी पाहा ना जरा," अलीझा म्हणाली. "मऊ आहे, पन जुनी वाटते. अंगाले दुसऱ्याच कोनाचा तरी वास येते सकाळी."

त्याने टाके तोडले आणि एका चिमटीत सगळं कळलं. लेकीच्या लग्नाच्या गादीत जुना, पिवळा, निजलेला कापूस! गिऱ्हाइकाचे आठ किलो चुकून हिच्या गादीत गेले होते. त्याला लाज वाटली आणि हायसंही वाटलं. कापूस सापडला होता.

"लोकाईचा माल आहे बेटा. ज्याचा त्याले गेला पायजे."

"मंग काढून टाका. मी संगं बसतो."

बापलेक दुकानात उन्हाच्या तिरिपीत बसली. जुना इकडे, नवा तिकडे. अलीझा भराभर निवडत होती, सासरी मशीनचा आवाज नसेल तर झोप कशी येईल म्हणून हसत होती. तिरिपीत एक तंतू उडत नव्हता. जुन्याचा ढीग वाढत गेला. मधेच ती अब्बा म्हणाली, पुन्हा म्हणाली, पण ओठ हलले ते मागाहून. अन्सारचं लक्ष काट्याकडे होतं. पाच. सहा. साडेसात. शेवटची चिमूट टाकली आणि काटा आठवर टेकला.

"पाह्य!" तो आनंदाने म्हणाला.

मग त्याचं त्यालाच हसू आलं. एकट्या माणसाला मोठ्याने बोलायची सवय लागते. त्याने आठ किलो त्या खुर्शीदबीच्या खोळीत भरले, नीट टाके घातले आणि गादी गिऱ्हाइकासाठी फळीवर ठेवली.

खाली एक फुलाफुलांची खोळ राहिली होती. तिच्याजवळ नवा कापूस, मुठीत मावेल एवढा. त्याने खोळ उलटून वाचली. 'अलीझा, १० किलो'.

कोण गिऱ्हाईक, कुठलं, काही आठवेना. कापड लग्नाचं दिसत होतं, म्हणजे घाईचं काम. अन्सारने पोतं झटकलं, रिकामं निघालं. वजनाला वजन द्यायलाच हवं होतं, आज ना उद्या कोणी तरी मागायला येणारच. तो मागच्या खोलीत गेला, घरातली एकुलती एक गादी ओढत दुकानात आणली आणि आतलं वजन आठवून पाहिलं. आठ किलो. दोन कमी पडणार होते. ते कुठून आणावेत या काळजीत त्याने पहिला टाका उसवला.